डेव्हिड कार्ड, किमान वेतन आणि बेरोजगारी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

२०२१ साली डेव्हिड कार्डना अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं तेव्हापासून त्यांच्याबद्दल मला प्रश्न येतायत, आणि बरेचसे तेच तेच असतात. एमपीएससीवाले विचारतात, एमएची मुलं विचारतात, छोटे कारखानदार विचारतात, युनियनमध्ये काम करणारेही विचारतात. सगळे एकत्र करून इथे ठेवलेत, आधी सोपे मग अवघड. उत्तराचा काही भाग दुसरीकडे आला असेल तर तिथला नंबर दिलाय.

१. हे डेव्हिड कार्ड नेमके कोण?

कॅनडातल्या ओंटारिओ प्रांतात ग्वेल्फ गावी १९५६ साली जन्म, घरची शेती, गाईगुरं. किंग्स्टनच्या क्वीन्स युनिव्हर्सिटीतून पदवी, मग प्रिन्स्टनला ऑर्ली अ‍ॅशेनफेल्टर यांच्याकडे १९८३ ला पीएचडी. पुढे बरीच वर्षं प्रिन्स्टनलाच शिकवलं आणि १९९७ पासून बर्कलेला. १९९५ ला जॉन बेट्स क्लार्क पदक मिळालं, जे तेव्हा दोन वर्षांतून एकदा चाळिशीच्या आतल्या अमेरिकेतल्या अर्थतज्ज्ञाला द्यायचे. २०२१ च्या नोबेलचा अर्धा वाटा त्यांना, उरलेला अर्धा जोशुआ अँग्रिस्ट आणि गुइडो इम्बेन्स या दोघांत.

त्यांचा विषय एकच, कामाचा बाजार. कोणाला काम मिळतं, किती पगारावर, आणि सरकारने मध्ये हात घातला की नेमकं काय होतं.

२. आधी हे सांगा, बेरोजगार कोणाला म्हणायचं? काम नाही तो बेरोजगार ना?

नाही, आणि इथेच निम्मा गोंधळ होतो. सर्वेच्या भाषेत बेरोजगार म्हणजे ज्याच्याकडे काम नाही, जो काम शोधतोय, आणि मिळालं तर करायला तयार आहे. शोधणं सोडून दिलेला माणूस बेरोजगारांच्या आकड्यात येतच नाही, तो थेट श्रमबाजाराच्या बाहेर मोजला जातो. म्हणजे बेरोजगारीचा दर खाली आला याचा अर्थ लोकांना कामं लागली असाही असू शकतो किंवा लोक थकून घरी बसले असाही.

कार्डनी क्रेग रिडेल यांच्याबरोबर १९९३ मध्ये यावर एक छान काम केलंय. १९८० च्या दशकात कॅनडात बेरोजगारी अमेरिकेपेक्षा बरीच जास्त दिसायला लागली होती, लोक म्हणायचे कॅनडाची अर्थव्यवस्थाच ढिली. या दोघांनी बघितलं तर त्या फरकाचा मोठा भाग असा निघाला की काम नसलेला कॅनडातला माणूस स्वतःला ‘शोधतोय’ म्हणून नोंदवण्याची शक्यता जास्त होती, आणि तसाच अमेरिकन माणूस ‘बाहेर’ धरला जात होता. आपल्याकडे बाईला विचारलं काम करता का तर ती म्हणते नाही हो घरीच असते, आणि दिवसभर म्हशी, वैरण, शेण सगळं तिच्याच अंगावर. हाच प्रश्न, फक्त आणखी खोल.

३. पगार वाढवला की माणसं कमी करावी लागतात, हे साधं गणित आहे. त्यात वाद कसला?

पुस्तकात तसंच आहे आणि तर्क काही वेडगळ नाही. कांदा महागला की गिऱ्हाईक कमी घेतं, तसं मजूर महागला की मालक कमी घेणार. एक छोटे कारखानदार मला दरवेळी हेच सांगतात आणि ते खोटं बोलत नाहीत, त्यांना तसं वाटतंच.

पण माणूस म्हणजे लासलगावच्या लिलावातला कांदा नाही. कांद्याला सगळ्या व्यापाऱ्यांचा मिळून एक भाव निघतो. कामगाराचा पगार मालक ठरवतो, आणि कमी ठरवला तरी सगळे दुसऱ्या दिवशी सोडून जात नाहीत कारण घर जवळ आहे, मुलांची शाळा आहे, दुसरीकडे ओळख नाही. हे खरं असेल तर गणित बदलतं (कसं ते प्रश्न ७ मध्ये). आणि गणित कुठलं खरं हे खुर्चीत बसून ठरत नाही, जाऊन मोजावं लागतं. कार्ड यांचं मोठेपण मला इथे वाटतं, त्यांनी मोजलं.

४. न्यू जर्सीत नेमकं काय केलं त्यांनी?

अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्याने १ एप्रिल १९९२ ला किमान वेतन तासाला ४.२५ डॉलरवरून ५.०५ डॉलर केलं. शेजारच्या पेनसिल्व्हेनियात ते ४.२५ च राहिलं. कायदा १९९० ला, जरा बऱ्या दिवसांत पास झाला होता, लागू व्हायची वेळ आली तेव्हा मंदी होती आणि वाढ दोन टप्प्यांत करा असा जोर विधिमंडळात लागला होता, तरी गव्हर्नरने पूर्ण वाढ होऊ दिली. म्हणजे नोकऱ्या जायच्याच असत्या तर वेळ अगदी तशीच होती.

कार्ड आणि त्यांचे सहकारी अ‍ॅलन क्रुगर यांनी दोन्हीकडची मिळून ४१० फास्ट फूड दुकानं निवडली, ३३१ न्यू जर्सीतली आणि ७९ पूर्व पेनसिल्व्हेनियातली. बर्गर किंग, केएफसी, वेंडीज, रॉय रॉजर्स. फास्ट फूड का, तर तिथे सगळ्यात कमी पगारावरची पोरं काम करतात आणि काम सगळीकडे एकसारखं असतं. एकदा वाढीच्या आधी फेब्रुवारी-मार्चमध्ये फोन केले, मग परत नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये. दुसऱ्या वेळी ज्यांनी फोनवर उत्तर दिलं नाही तिथे माणूस गाडी घेऊन प्रत्यक्ष पाठवला, आणि जी दुकानं कायमची बंद झाली होती ती वगळली नाहीत तर तिथे कामगार शून्य असं धरलं. हे मला फार महत्त्वाचं वाटतं, कारण बंद पडलेली दुकानं गाळून फक्त टिकलेली मोजली असती तर सगळं गुलाबीच दिसलं असतं.

निकाल असा : न्यू जर्सीत दुकानामागे सरासरी २०.४४ कामगार होते ते २१.०३ झाले. पेनसिल्व्हेनियात २३.३३ होते ते २१.१७ वर आले. (अर्धवेळ दोन म्हणजे पूर्णवेळ एक असा हिशोब.) पगार वाढलेल्या बाजूला नोकऱ्या गेल्या असं काही दिसलंच नाही.

५. पण न्यू जर्सीत फक्त अर्धा माणूस वाढला, मग लोक पावणेतीनचा आकडा का सांगतात? आणि पेनसिल्व्हेनिया मध्ये आणायचं कारण काय?

कारण नुसतं आधी-नंतर बघितलं तर फसायला होतं. आपल्याकडचं उदाहरण घेऊ, पूर्ण काल्पनिक. समजा कागलला मजुरी वाढवली आणि पलीकडे निपाणीत, म्हणजे कर्नाटकात, नाही वाढवली. वर्षभराने कागलच्या कारखान्यांत माणसं कमी झाली. लगेच म्हणायचं का मजुरीमुळे झाली? त्या वर्षी मंदीच असेल तर? मग निपाणीत बघायचं. तिथे मजुरी न वाढवताही तेवढीच कमी झाली असतील तर दोष मजुरीचा नाही. निपाणी आपल्याला सांगते की काही केलं नसतं तर कागलचं काय झालं असतं.

न्यू जर्सीत बदल अधिक ०.५९, पेनसिल्व्हेनियात उणे २.१६, दोन्हीतलं अंतर साधारण पावणेतीन माणसं. याला ‘फरकातला फरक’ म्हणायचं. यात एक गृहीत आहे आणि ते विसरायचं नाही, की कायदा झालाच नसता तर दोन्हीकडची वाटचाल एकसारखीच राहिली असती. कागल आणि निपाणीत दुसरंच काही वेगळं घडलं, समजा एका बाजूचा मोठा कारखाना जळाला, तर सगळी तुलना कोसळते.

६. मग मालकाने वाढीचे पैसे आणले कुठून? फुकटचं जेवण बंद केलं असेल, नाहीतर कामाचे तास कापले असतील.

हा सगळ्यात चांगला प्रश्न आहे आणि त्यांनी तो स्वतःलाच विचारला होता. कामगारांना मिळणारं फुकट किंवा सवलतीचं जेवण तपासलं, त्यात म्हणावा तसा बदल नव्हता. पूर्णवेळ-अर्धवेळचा हिशोब धरलेलाच होता. भाव मात्र वाढले, कोल्ड्रिंक-फ्राइज-बर्गर असं एक पूर्ण जेवण न्यू जर्सीत पेनसिल्व्हेनियाच्या मानाने सुमारे ४ टक्के महाग झालं. म्हणजे बराचसा बोजा गिऱ्हाइकाने उचलला, आणि बर्गर खाणारा तेवढ्यासाठी नदी ओलांडून पलीकडे गेला नाही.

गंमत म्हणजे हे उत्तरही पूर्ण बसत नाही, कारण न्यू जर्सीतल्या ज्या दुकानांत पगार आधीपासूनच जास्त होता त्यांच्यापेक्षा वाढ द्यावी लागलेल्या दुकानांत भाव जास्त वाढले असं काही दिसलं नाही. हे त्यांनी लपवलं नाही, पेपरमध्ये लिहिलंय.

७. मोनोप्सनी म्हणजे काय, मराठीत सांगा.

विकणारा एकच असला की मक्तेदारी. मोनोप्सनी म्हणजे उलटं, विकत घेणारा एकच, किंवा मोजकेच. पंचक्रोशीत एकच मोठा कारखाना असेल तर मजुरी तोच ठरवतो. त्याला आणखी दहा माणसं हवी असतील तर पगार वाढवून द्यावा लागेल, पण मग आधीच्या शंभरांनाही तोच द्यावा लागेल, म्हणून तो दहा जागा रिकाम्या ठेवतो आणि कमी पगारावर शंभरात भागवतो. सरकारने आता किमान पगार वर नेला तर शंभरांना वाढ द्यावीच लागते, मग दहा जागा रिकाम्या ठेवण्यात फायदाच उरत नाही, तो त्या भरतो. पगारही वाढला आणि माणसंही वाढली. जादू वगैरे नाही यात.

हा शब्द जोन रॉबिन्सन यांनी १९३३ च्या आपल्या पुस्तकात आणला, केंब्रिजच्या एका ग्रीक-लॅटिनच्या अभ्यासकाकडून बनवून घेतला होता. आणि आपल्या लोकांना हे सांगायला मला आवडतं, की या जोनबाई त्याआधी १९२० च्या दशकात ग्वाल्हेरला राहिल्या होत्या, नवरा ऑस्टिन रॉबिन्सन तिथल्या लहान शिंदे महाराजांचा शिक्षक होता. कार्ड २०२१ ला अमेरिकन इकॉनॉमिक असोसिएशनचे अध्यक्ष होते, आणि तिथलं त्यांचं अध्यक्षीय भाषण याच विषयावर होतं, तुमचा पगार ठरवतो कोण.

८. न्यू जर्सीचा तो अभ्यास नंतर खोटा ठरला असं वाचलंय. खरं आहे का?

खोटा ठरला नाही, त्याला आव्हान दिलं गेलं, आणि ते व्हायलाच पाहिजे होतं. डेव्हिड न्यूमार्क आणि विल्यम वॉशर यांनी म्हटलं फोनवरचे आकडे कच्चे असतात, त्यांनी दुकानांचे पगारपत्रकाचे आकडे घेतले आणि नोकऱ्या घटल्या असं दाखवलं. मग कार्ड-क्रुगरनी सरकारकडची अधिकृत नोंद घेतली, जी मालकांना भरावीच लागते, आणि परत मोजलं. २००० साली दोन्ही बाजू एकाच नियतकालिकात छापल्या गेल्या. अधिकृत आकड्यांत परिणाम शून्याच्या आसपास आला. म्हणजे नोकऱ्या वाढल्या हा पहिला ठसठशीत निकाल मवाळ झाला, पण नोकऱ्या धडाधड जातात हेही निघालं नाही. प्रामाणिकपणे सांगायचं तर ‘वाढतात’ असं म्हणू नका, ‘फारशा जात नाहीत’ म्हणा.

पुढे बऱ्याच जणांनी हे काम मोठं केलं. अरिंद्रजित दुबे आणि सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये अमेरिकेतल्या राज्यांचे १९७९ ते २०१६ मधले १३८ बदल एकत्र तपासले, कमी पगाराच्या नोकऱ्यांची संख्या जवळपास तेवढीच राहिली.

त्या काळी कार्डना याचा त्रास मात्र झाला. त्यांनी नंतर मुलाखतीत सांगितलंय की जुने मित्र तुटले, अर्थशास्त्राशी गद्दारी केली असं लोकांना वाटलं. पुढे ते या विषयातून बऱ्यापैकी बाजूलाच झाले. मला हे वाचून वाईट वाटतं, मोजून आणलेल्या आकड्यासाठी मैत्री तुटावी.

९. म्हणजे किमान वेतन कितीही वाढवलं तरी चालतं?

अजिबात नाही. प्रश्न ७ मधल्या कारखान्याचंच बघा, पगार एका मर्यादेपर्यंत वर नेला तर माणसं वाढतील, त्यापलीकडे नेला तर तोही कपातच करेल. मर्यादा कुठे, हे त्या भागातल्या नेहमीच्या पगारावर ठरतं. न्यू जर्सीच्या अभ्यासातले सहलेखक क्रुगर यांनीच २०१५ ला लिहिलं होतं की अमेरिकाभर तासाला १२ डॉलर ठीक आहे, पण सगळीकडे सरसकट १५ म्हणजे आपल्या अनुभवाच्या बाहेर जाणं. ज्यांच्या नावाने लोक कितीही वाढवा म्हणतात त्यांचंच हे म्हणणं, त्यामुळे त्यांचं नाव घेऊन तसं सांगू नये.

१०. बाहेरून लोक आले की स्थानिकांच्या नोकऱ्या जातात, यावर कार्ड काय म्हणतात?

महाराष्ट्रातून हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, कारण सगळ्यांना माहीत आहे. कार्डचा पेपर १९९० चा. एप्रिल १९८० मध्ये कास्ट्रोंनी जाहीर केलं की ज्यांना क्युबा सोडायचीय त्यांनी मारिएल बंदरातून जावं, आणि सप्टेंबरपर्यंत सुमारे सव्वा लाख लोक बोटींनी अमेरिकेत गेले. त्यातले निम्मे मायामीतच राहिले, शहरातले कामगार काही महिन्यांत ७ टक्क्यांनी वाढले, आणि आलेले बहुतेक कमी शिकलेले. कार्डनी मायामीची तुलना अटलांटा, ह्यूस्टन, लॉस एंजेलिस आणि टॅम्पाशी केली. आधीपासून तिथे असलेल्या कमी कौशल्याच्या कामगारांचे पगार किंवा बेरोजगारी यावर जवळपास काहीच परिणाम दिसला नाही.

२०१७ ला जॉर्ज बोर्हास यांनी तेच आकडे वेगळे कापले. हायस्कूल पूर्ण न केलेले, हिस्पॅनिक (म्हणजे स्पॅनिश बोलणाऱ्या देशांच्या मुळाचे) नसलेले पुरुष एवढेच घेतले आणि त्यांचे पगार १० ते ३० टक्के पडले असं म्हटलं. त्यावर मायकेल क्लेमेन्स आणि जेनिफर हंट यांनी दाखवलं की नेमक्या त्याच वर्षांत सर्वेच्या नमुन्यात कृष्णवर्णीय पुरुषांचं प्रमाण वाढलं होतं, त्यामुळे सरासरी पगार आपोआप खाली दिसला. एवढ्या छोट्या गटात मूठभर माणसं असतात, चार इकडची तिकडे झाली की निकाल फिरतो. मला कार्डचं पारडं जड वाटतं, पण वाद अजून संपलेला नाही.

मायामीचा निकाल उचलून मुंबईवर चिकटवू नका. मायामीत आधीच क्युबन वस्ती मोठी होती, कपड्यांचे कारखाने होते, आलेल्यांना भाषा येणारे मालक होते. मुंबईचं मुंबईत मोजावं लागेल, आणि ‘आमच्या बिल्डिंगचा वॉचमन बाहेरचा आहे’ हे मोजणं नव्हे.

११. बेकारी भत्ता दिला की लोक बसून खातात, हे तरी खरं ना?

थोडं खरं. न्यू जर्सीने १९९६ मध्ये, मंदी नसताना, राजकीय तडजोडीत भत्त्याची मुदत जास्तीत जास्त १३ आठवड्यांनी वाढवली. कार्ड आणि फिलिप लेव्हिन यांचा अंदाज असा की ही सोय पहिल्या दिवसापासून माहीत असती तर माणूस सरासरी एक आठवडा जास्त भत्त्यावर राहिला असता. एक आठवडा. वाढतो, पण ‘बसून खातात’ म्हणण्याएवढा नाही.

दुसरं काम ऑस्ट्रियाचं, राज चेट्टी आणि आंद्रेआ वेबर यांच्याबरोबर, २००७ चं. लोक नेहमी दाखवतात की बघा, भत्ता संपायच्या आठवड्यात बेरोजगारांच्या यादीतून नावं कशी झपाझप कमी होतात, म्हणजे इतके दिवस मुद्दाम बसले होते. या तिघांनी त्याच माणसांना खरंच काम लागलं का ते शोधलं. यादीतून जाणारे खूप होते, कामावर लागणारे थोडेच जास्त. बाकीच्यांनी नाव नोंदवणं थांबवलं, कारण नोंदवून मिळणार काय होतं? प्रश्न २ मधला घोळ इथे परत आला.

आणि तिथलीच आणखी एक गोष्ट. तीन वर्षं नोकरी केलेल्याला काढलं की दोन महिन्यांचा पगार एकरकमी मिळायचा, तीन वर्षांना थोडे दिवस कमी असलेल्याला नाही. पैसे मिळालेल्यांनी नोकरी शोधायला जास्त वेळ घेतला, नोकरी लागण्याचा वेग ८ ते १२ टक्के कमी. ही रक्कम काम लागलं तरी परत जात नाही, म्हणजे बसून राहिल्याचं बक्षीस नव्हे ते. घरात पैसे असले की माणूस हाताला लागेल ते पहिलं काम धरत नाही, एवढंच. पण जास्त वेळ शोधून पगार जास्त मिळाला का, तर नाही, आणि तेही सांगितलं पाहिजे.

१२. स्किल ट्रेनिंगच्या योजनांचा उपयोग होतो का?

होतो, पण उशिरा. कार्ड, योखेन क्लूव्ह आणि वेबर यांनी २०० च्या वर अभ्यास एकत्र करून २०१८ ला मांडलं : पहिल्या वर्षात परिणाम शून्याजवळ, दोन-तीन वर्षांनी दिसायला लागतो. बायकांना आणि बरेच दिवस बेरोजगार असलेल्यांना फायदा जास्त. त्यामुळे सहा महिन्यांत ‘किती जणांना प्लेसमेंट’ विचारून योजना फेल ठरवणं चुकीचं.

१३. प्रश्न १२ मधल्या त्याच कामात सरकारी रोजगाराच्या योजनांचा परिणाम नगण्य म्हटलंय. मग आपली रोजगार हमी फुकट गेली?

नाही. तिथे मोजलं काय, तर योजनेतून बाहेर पडल्यावर माणसाला बाजारात नोकरी लागली का. महाराष्ट्राची रोजगार हमी वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आली, १९७२ च्या दुष्काळात उभी राहिली, १९७७ चा कायदा २६ जानेवारी १९७९ पासून लागू झाला, आणि पैसा उभा करायला शहरातल्या पगारदारांवर व्यवसाय कर लावला. खडी फोडणाऱ्या बाईला पुढे ऑफिसात नोकरी लागेल म्हणून ती योजना नव्हती. त्या उन्हाळ्यात चूल पेटावी, गाव सोडावं लागू नये यासाठी होती. शिवाय हमीची मजुरी मिळते म्हटल्यावर बागायतदारालाही त्याच्या खाली जाता येत नाही, म्हणजे प्रश्न ७ मधली गोष्ट. मोजायचं तर हे मोजा.

१४. भारतात किमान वेतनाचा कायदा १९४८ पासून आहे. मग कार्डचा निकाल इथे सरळ लागू का नाही?

कारण न्यू जर्सीत कायदा झाला तसा पगार खरंच वाढला, दुसऱ्या फेरीत ८५ टक्के दुकानांचा सुरुवातीचा पगार नेमका ५.०५ डॉलर होता. आपल्याकडे दर राज्याप्रमाणे, धंद्याप्रमाणे वेगळे, आणि कागदावरचा दर हातात पडतोच असं नाही. सही एका आकड्यावर आणि पाकिटात दुसरा, हे मला कामगारांनीच सांगितलंय, एकाने नाही, कितीतरी जणांनी. पगार वाढलाच नसेल तर नोकऱ्या गेल्या नाहीत यातून काही सिद्ध होत नाही. आधी अंमलबजावणी मोजायची, मग परिणाम.

१५. क्रुगरना नोबेल का नाही मिळालं?

ते मार्च २०१९ मध्ये वारले, आणि नोबेल मरणोत्तर देत नाहीत. ओबामांच्या काळात २०११ ते २०१३ ते आर्थिक सल्लागार मंडळाचे अध्यक्षही होते. न्यू जर्सीचं काम जेवढं कार्डचं तेवढंच त्यांचं, म्हणून उत्तर लिहिताना दोन्ही नावं लिहा.

१६. इंग्रजी बेताचं आहे, गणित नाही. मूळ काही वाचता येईल का?

येईल. १९९४ चा न्यू जर्सीचा पेपर घ्या, कार्ड-क्रुगरचं १९९५ चं जाड पुस्तक नंतर. सुरुवातीची पानं, जिथे दुकानं कशी निवडली आणि फोन कसे केले ते लिहिलंय, ती कोणालाही समजतात. मग थेट तिसरा तक्ता उघडा. प्रश्न ४ मधले चारही आकडे तिथे आहेत. कागदावर स्वतः वजाबाकी करून बघा, समीकरणं सध्या सोडून दिली तरी चालेल.